जामू ना

त्या वर्षी दुर्गापूजेनंतर अख्ख्या कोलकात्याच्या तोंडी दोनच शब्द होते, आणि ते माझ्याच घरातून गेलेले होते, ‘जाणार नाही’ अशा अर्थाचे. ‘जामू ना!’

मासळीबाजारात टोपलीतला कोई जातीचा मासा उसळला की मासेवाला ओरडायचा, "बघा बौदी, हा म्हणतोय जामू ना!" शाळेला निघालेली पोरं फाटकाला मिठी मारून तेच किंचाळायची. पलीकडच्या गल्लीत लग्न झालं, पाठवणीच्या वेळी नवरी रडायला लागली, तर मागून कुणा टवाळानं हळूच ‘जामू ना’ म्हटलं आणि नवरीसकट सगळे फिसकन हसले. माझे कान किटले होते. पण खोटं कशाला बोलू, मान ताठही झाली होती. ते शब्द माझ्या नवऱ्याच्या सिनेमातले होते.

नवऱ्याचं नाव मी घेत नाही. ते पडद्यावर मोठ्या अक्षरांत येतं, दिग्दर्शक निशीथ गुह, तेवढं पुरे. घरात ते आईसाठी हारू आणि माझ्यासाठी नुसते ‘हे’.

मी बागबाजारची, पिढीजात कोलकात्याची. ‘जाणार’ला आम्ही ‘जाबो’ म्हणतो. फाळणीत सगळं सोडून पद्मा नदीपलीकडून, पूर्व बंगालातून आलेली माणसं म्हणतात ‘जामू’. ‘खाणार’ला ‘खामू’, ‘करणार’ला ‘करमू’. इकडचे लोक ते ऐकून कायम खिदळत आलेत. लग्न होऊन बिजयगडच्या या निर्वासितांच्या वसाहतीत आले तेव्हा मीही तोंडाला पदर लावून हसले होते. सासूबाईंनी, म्हणजे मांनी, त्याची भरपाई माझ्या डाळीवर केली. पहिला घास घेतला आणि म्हणाल्या, "बौमा, ही डाळ आहे की खीर? साखरेचं पोतं सांडलं काय त्यात?" तोंडानं फटकळ, पण सुनेला परकं म्हणून कधी वागवलं नाही.

एका गोष्टीला मात्र त्या फार जपायच्या. पहिल्यांदा माहेरी निघाले तेव्हा चपला घालता घालता मी म्हटलं, "मा, जाते हं." मांनी माझा दंड धरून मला परत आत ओढलं, पाटावर बसवलं, पाणी प्यायला लावलं. "आता नीट नीघ. ‘आशी’ म्हण. येते म्हणावं गं, येते! जाते म्हणून गेलेलं माणूस पुन्हा दिसत नाही." आता ‘आशी’ आम्हीही म्हणतो, बोलण्याच्या घाईत राहून गेलं, त्यात एवढं काय, असं मला वाटलं. मांच्या तोंडी ‘खामू’ असायचं, ‘करमू’ असायचं. ‘जामू’ कधीच नसायचं. पण ते तेव्हा माझ्या ध्यानातसुद्धा आलं नाही.

यांची कारकीर्द मीच थोडक्यात सांगते. ते स्वतः सांगायला बसले तर तुमची संध्याकाळ गेली म्हणून समजा. कॉलेज अर्धवट टाकून हे टॉलीगंजच्या स्टुडिओत शिरले. वर्षानुवर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली राबले, नट्यांच्या डोक्यावर छत्र्या धरल्या, दिग्दर्शकांच्या शिव्या खाल्ल्या. मग कसाबसा स्वतःचा पहिला सिनेमा केला, याच वसाहतीवर. काळापांढरा, संथ. वर्तमानपत्रांनी डोक्यावर घेतला, परदेशातून एक पदकही आलं, आणि थिएटरात कबुतरं बसली. मा बघायला गेल्या होत्या. बाहेर येऊन म्हणाल्या, "चांगला आहे रे हारू. पण ही माणसं एवढी गप्प का? आम्ही तर तेव्हा दिवसभर भांडत होतो." यांनी त्यावर मांशी अबोला धरला होता, तोही धड टिकला नाही, कारण कांद्याची भजी मांच्या हातचीच लागायची.

त्यानंतर कितीतरी वर्षं काम नाही. मी शाळेत शिकवायचे आणि हे खिडकीशी बसून सिगरेटी ओढायचे. पदक कपाटावर काळं पडलं. शेवटी होजियरीचे व्यापारी साहाबाबू सिनेमात पैसा घालायला आले. "निशीथबाबू, तुम्ही फार मोठे कलावंत. पण मला काहीतरी हसवणारं करून द्या हो." यांनी त्यांना हाकललं नाही. मला तेव्हा बरंच वाटलं.

तोच तो ‘सात नंबरचं बिऱ्हाड’. एक कुटुंब जुनं घर सोडून नव्या फ्लॅटमध्ये जातं, एवढीच गोष्ट. त्यात ख्यांतमासी नावाची म्हातारी मोलकरीण, पद्मेपलीकडची. दारात ट्रक उभा आहे, सामान चढतंय आणि ही बया फ्रिजला मिठी मारून बसते. "आमी जामू ना! जामू ना!" चौघं तिला ओढतात. एकेक बोट सोडवतात, एक सुटलं की दुसरं चिकटतं. शेवटी तिला फ्रिजसकट उचलून ट्रकवर चढवतात. लोकांची हसून हसून मुरकुंडी वळायची. माझीही वळली होती.

मांचे गुडघे धरलेले, त्या घराबाहेर पडत नसत; त्या दोन शब्दांवर बाहेर कसा हशा पिकतो, ते त्यांच्या कानावरच आलं नव्हतं. त्यांना तो सिनेमा बघायचा होता. "सगळं गाव बघून आलं, हारूची आईच तेवढी राहिली," म्हणायच्या. आणि यांचं रोज नवं निमित्त. तिकिटं नाहीत. गर्दी फार आहे. थिएटरात ढेकूण झालेत. तुझे गुडघे जिना चढतील का? मला वाटलं, पहिल्या सिनेमाच्या वेळचा तो शेरा अजून मनात आहे. "आईचा एवढा राग धरतात का?" असं म्हटलं, तर माझ्यावरच खेकसले.

मग एके सकाळी बीथिकादी आल्या. वसाहतीच्या महिला समितीचं पान त्यांच्याशिवाय हलत नाही. "मासिमा, समितीनं दुपारच्या खेळाची सगळी बाल्कनी घेतलीय. बस ठरवलीय. मध्यंतरात दिग्दर्शकाच्या आईचा सत्कार. नाही म्हणायचं नाही!" मा लाजल्या, ‘माझा कसला सत्कार’ म्हणाल्या, आणि लगेच आत जाऊन कडक इस्त्रीची पांढरी साडी शोधायला लागल्या.

संध्याकाळी यांना सांगितलं, तर हातातला चहा बशीत सांडला.

"तिला जाऊ देऊ नकोस."

"का पण? एक कारण सांगा. ढेकूण सोडून."

यांनी बशीतला चहा परत कपात ओतला आणि म्हणाले, "ते ख्यांतमासीचं... ते ठाकुमाचं आहे."

ठाकुमा म्हणजे यांची आजी, मांची सासू. घरात तिचा फोटो नाही, कुणी तिचं नाव काढत नाही. मी समजून होते की ती तिकडे गावीच वारली असणार. तर वारली नव्हती. गावात घरं पेटली होती, नाव घाटाला लागलेली, सगळे निघालेले, आणि म्हातारीनं देवघराचा खांब धरला. "आमी जामू ना." मा तिची बोटं सोडवत होत्या. एक सोडवलं की दुसरं. नावाडी शिव्या द्यायला लागला. शेवटी माझ्या सासऱ्यांनी मांनाच ओढून नेलं, आणि म्हातारी खांबाशी राहिली. पुन्हा तिची काही खबर नाही. मांनी हे सगळं एकदाच सांगितलं होतं, यांना, पहिल्या सिनेमाच्या वेळी. ‘तुझ्या सिनेमात घाल’ म्हणाल्या होत्या.

"मग तेव्हा का नाही घातलंत?"

"झेपलं नाही. लिहायचो आणि फाडायचो. सगळं खोटं वाटायचं."

"आणि हे खरं वाटलं?"

"साहाबाबू म्हणाले, ट्रकच्या वेळी काहीतरी हशा हवा. समोरच बसून राहिले. मला दुसरं काही सुचेना गं. मी खांबाच्या जागी फ्रिज घातला. ते इतके हसले, इतके हसले, की..."

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. "अहो, जनाची नाही, निदान मनाची तरी! आजीला विकलीत तुम्ही, हशासाठी!" हे तोंडानं म्हणत होते, आणि डोळ्यांपुढे मीच दिसत होते, त्या बोटांवर पोट धरून हसणारी. धरणीनं पोटात घ्यावं असं वाटत होतं. "आत्ताच्या आत्ता जा आणि मांना सांगा. दुसऱ्याकडून कळायच्या आधी."

"सांगतो."

"कधी?"

"सांगतो म्हटलं ना!"

सांगितलं नाहीच. केलं काय, तर दिग्दर्शकाला सुचेल तेच. थिएटरच्या ऑपरेटरला गाठलं आणि त्या एका खेळापुरता तो तुकडा फिल्ममधून कापायला लावला. घरी येऊन मला म्हणाले, "ट्रक येतो, ट्रक जातो. तिला कळणारसुद्धा नाही." चेहरा असा, जणू दुखरा दात उपटून आले. मला त्यांच्याकडे बघवेना.

खेळाच्या दिवशी बाल्कनीत पहिल्या रांगेत मा, शेजारी मी, आणि भोवती समितीच्या बायका, मुरमुरे खात, मोठमोठ्यानं बोलत. निम्म्याअधिक बायका तिकडच्याच, बरिशालच्या, फरीदपूरच्या, विक्रमपूरच्या. हे मागे दाराच्या पडद्याशी उभे होते. सिनेमा सुरू झाला आणि मा मनापासून हसायला लागल्या. ख्यांतमासी दिसली, बोलली, तशा मला कोपरानं ढोसून म्हणाल्या, "अगं ही तर अगदी आमच्या घाटावरची शैलोची आई! बोलते बघ कशी भांडकुदळ!" त्यांना तिच्या बोलण्याचा राग नव्हता. उलट त्या मोहरून गेल्या होत्या. मला वाटलं, निभावलं आता.

ट्रक आला. सामान चढलं. आणि पडद्यावर एकदम नवा फ्लॅट, फ्रिज कोपऱ्यात, ख्यांतमासी चहा करतेय.

मग खालून कुणीतरी ओरडलं, "अरे, जामू ना कुठाय?" दुसरा म्हणाला, "कापलं! चोर लेकाचे, सीन कापला!" लोक तर त्यासाठीच पुन्हा पुन्हा यायचे. शिट्ट्या झाल्या, खुर्च्या आपटल्या, आणि मग खालचं सगळं थिएटर पाय आपटत एका सुरात ओरडायला लागलं, "जामू ना! जामू ना! जामू ना!" बाल्कनी तरी मागे कशाला राहील? बीथिकादी उठून उभ्या राहिल्या. आमच्या वसाहतीच्या बायका, पांढऱ्या केसांच्या, जाड चष्म्यांच्या, त्याही ओरडायला लागल्या. हसत कुणी नव्हतं. सगळे चिडलेले होते. काळोखात तो आवाज नुसता भिंतींवर आदळत होता.

मांनी माझा हात धरला. त्यांची नखं माझ्या मनगटात रुतली. मी वळून बघितलं तर त्यांच्या गालांवरून पाणी ओघळत होतं आणि ओठ हलत होते. काही ऐकू येत नव्हतं.

मध्यंतरात दिवे लागले. बीथिकादींनी शाल आणली, रजनीगंधाचा हार आणला. मांनी त्यांना हातानं थांबवलं आणि हाक मारली, "हारू!" हे आले. खरं म्हणजे पाय ओढत आले. सगळ्यांच्या देखत मांनी त्यांचं डोकं खाली ओढलं आणि टाळूवर हात ठेवला.

"तू विसरला नाहीस तिला," म्हणाल्या. "मला वाटलं, विसरलास. आणि ही सगळी माणसं ओरडत होती बघ तिच्यासाठी! सगळ्यांच्याच घरची एकेक म्हातारी मागे राहिली होती, होय रे? तेव्हा तिच्या बाजूनं एकसुद्धा बोललं नाही. मीसुद्धा नाही."

बायकांना त्यातलं काही कळलं नाही, पण मा रडताहेत म्हणून त्यांनी टाळ्या वाजवल्या. हे वाकलेले होते ते वाकलेलेच राहिले. मी त्यांची मान बघत होते. कानाच्या पाळ्या लालभडक झाल्या होत्या.

घरी मा निराळ्याच झाल्या. इतक्या वर्षांत न बोललेलं सगळं बोलायला लागल्या. ठाकुमा मोहरी कशी वाटायची, नातवाला मांडीवर घेऊन कसली गाणी म्हणायची, मांना पहिल्या बाळंतपणात चोरून मासा कशी खाऊ घालायची. भाजी चिरता चिरता एकदम थांबायच्या आणि स्वतःच्या बोटांकडे बघायच्या. आणि रोज एकच धोशा. "बौमा, मला परत घेऊन चल ना. आधी डोळ्यांत पाणी, त्यात ती आरडाओरड. म्हातारी मला दिसलीच नाही बघ. हारूनं कशी दाखवलीय, ते एकदा धड बघू दे. कोणत्या नटीला घेतलंय?"

मी यांच्याकडे बघायचे. हे ताटातला भात चिवडायचे. मी एकांतात म्हणायचे, "जीभ झडलीय का तुमची? तो आशीर्वाद पचतोय तुम्हाला?" हे म्हणायचे, "अगं ती सुखात आहे. कशाला मोडायचं?" "ती सुखात आहे की तुम्ही?" यावर हे हात धुवायला उठायचे.

शेवटी मांनीच प्रश्न मिटवला. दुपारी ओसरीत अडकित्त्यानं सुपारी कातरत बसल्या होत्या. हे बाहेर निघाले तशा म्हणाल्या, "हारू, बीथिका सांगत होती की त्या दिवशी सीन कापला होता म्हणे. कुणी रे कापला? तक्रार कर त्याची."

हे उंबऱ्यातच बसले. "मी कापला मा."

"तू? का?"

"तू बघू नयेस म्हणून."

"मी का बघू नये? माझीच तर म्हातारी."

मी स्वयंपाकघराच्या दारातून म्हटलं, "सांगा."

"मा, लोक त्याला हसतात."

"कशाला हसतात?"

"ती फ्रिजला धरते. खांब नाहीये तिथं. ती ख्यांतमासीच आहे. चौघं ओढतात, बोटं सोडवतात. ती म्हणते, आमी जामू ना. मग लोक हसतात."

अडकित्ता थांबला. मांनी विचारलं, "आणि पुढं? सोडून जातात तिला?"

"नाही. उचलून ट्रकवर चढवतात."

"म्हणजे नेतात." मांनी मान हलवली. "बरं आहे. तुझ्या सिनेमातली माणसं आमच्यापेक्षा बरी." मग म्हणाल्या, "लिहिताना तू हसला होतास?"

यांनी खोटं बोलायला हवं होतं की खरं, ते मला अजून ठरवता येत नाही. हे म्हणाले, "हो मा."

मांनी उरलेली सुपारी कातरली, डब्यात भरली, झाकण लावलं. ओरडल्या असत्या तर बरं झालं असतं. कुणाच्या डाळीवर, कुणाच्या साखरेवर, कशावरही ओरडायला हवं होतं. संध्याकाळी मला म्हणाल्या, "मिनतीला निरोप धाड. काही दिवस तिच्याकडे राहीन म्हणते." मिनती म्हणजे माझी नणंद, कृष्णनगरला असते. मी खूप विनवलं. "हवापालट गं," एवढंच म्हणाल्या.

निघायच्या दिवशी सकाळी कोवळं ऊन पडलं होतं. मिनतीचा नवरा न्यायला आला होता, त्यानं ट्रंक रिक्षावर ठेवली. मासिमा निघाल्या म्हणून गल्लीतल्या बायका फाटकाशी जमल्या, बीथिकादी सगळ्यांत पुढे. मी मांच्या पाया पडले. हेही पडले. मांनी दोघांच्या डोक्यावर हात ठेवला, माझ्या जरा जास्त वेळ. मग पायरी उतरल्या आणि फाटकाकडे चालू लागल्या. ‘आशी’ म्हणाल्या नाहीत.

यांना राहवलं नाही. मागून धावले. "मा, आशी म्हण."

मा रिक्षात चढत होत्या.

"मा, असं नको ना. एकदा आशी म्हण." जन्मभर नटांना वाक्यं शिकवलेला माणूस, आईला एक शब्द म्हणायची भीक मागत होता.

मांनी पदर सारखा केला, मांडीवर सुपारीचा डबा ठेवला, आणि यांच्याकडे बघून शांतपणे म्हणाल्या, "जामू."

तो शब्द फाटकाशी सगळ्यांनी ऐकला. एका बाईनं तोंडाला पदर लावला, पण दुसरीला आवरलं नाही, आणि मग सगळ्याच खदाखदा हसायला लागल्या. बीथिकादी टाळी देत ओरडल्या, "मासिमा, पुढचा ‘ना’ विसरलात की!"

मांनी त्या सगळ्यांकडे एकदा बघितलं. तो हशा त्या पहिल्यांदाच ऐकत होत्या. मग त्यांनी जावयाला चल म्हणून खूण केली, आणि रिक्षा निघाली. बायका अजून हसत होत्या. "निशीथदा, तुमची आई तर नटीच निघाली हो!" असं कुणीतरी म्हणत होतं, आणि हे फाटकाचा खांब धरून मान खाली घालून उभे होते.